बारा गुलाबी जर्सी

शेजारशेजारच्या पाच देशांचे सामने भरले होते आणि खेळाडूंच्या वसतिगृहातला धुलाईखाना मावशीच्या हवाली होता. नवा कपडा आला, की आधी त्याचा कोपरा भिजवून पांढऱ्या फडक्यावर दाबायचा आणि रंग सोडतोय का ते बघायचं, हा तिचा दंडक. त्यापायी हाताखालच्या बायकांनी तिचं नाव ‘कोपरा मावशी’ पाडलं होतं.

त्याआधी कित्येक वर्षं ती एका इमारतीच्या जिन्याखाली इस्त्री करायची. नवरा गेल्यावर त्याच टेबलाच्या जिवावर तिने लेकीला वाढवलं. आता लेक नर्सिंग शिकायला परगावी निघाली होती आणि मावशीचं चित्त थाऱ्यावर नव्हतं. खोलीत सोबत कोण असेल, आजारी पडली तर कोण बघेल? त्यात ही नोकरी सामन्यांपुरती. काम नीट झालं तर कायम करू, असं वसतिगृहाचे साहेब म्हणाले होते. लेकीचं शिक्षण त्या ‘तर’वर लटकलं होतं.

त्या सकाळी तिने लेकीची नवी लाल ओढणी पिशवीतून आणून मशीनमध्ये टाकली. घरचे कपडे आणायला मनाई, म्हणून गुपचूप, म्हणून घाईत. कोपरा भिजवायचा राहिला.

मशीन उघडलं तर शेजारदेशाच्या बास्केटबॉलच्या मुलींच्या पांढऱ्या जर्सी गुलाबी. बारापैकी दहा. दोन उसवल्या होत्या म्हणून शिवायला बाजूला काढलेल्या, तेवढ्या वाचल्या. संध्याकाळी त्यांचा उपांत्य सामना, तोही आपल्याच संघाशी. आपला रंग निळा, आणि त्या मुलींचा दुसरा जोडही निळाच.

“मशीन बिघडलं म्हण,” हाताखालची म्हणाली. “त्याला कुठे तोंड आहे?”

“मला आहे ना,” म्हणत मावशी ओढणी घेऊन साहेबांकडे गेली.

साहेबांनी कपाळाला हात लावला. “सामना आपल्याशी आणि कपडे बिघडवले आपणच. मुद्दाम केलं म्हणतील.”

“सांगा, हिने केलं. मुद्दाम नाही, मूर्खपणाने.”

पाहुण्या संघाच्या प्रशिक्षक बाई आल्या, मागोमाग उंचेली कप्तान. त्यांची भाषा मावशीला अर्धीमुर्धी कळायची.

“रंग काढता येईल?” बाईंनी विचारलं.

“येईल. पण नंबरही जातील.”

“आणि सगळ्यांचा रंग एक नसेल तर पंच खेळू देणार नाहीत.”

कप्तानाने गुलाबी जर्सी अंगाला लावून पाहिली. “मग राहिलेल्या दोन पण बुडवा की, मावशी.”

“लोक हसतील गं,” बाई म्हणाल्या.

“हसू देत. हसताना बॉल अडवता येत नाही.”

मावशीने दोन्ही जर्सी आधी शिवल्या. मग गरम पाण्यात ओढणीचा रंग उतरवला, एका जर्सीचा कोपरा बुडवून त्या दहांशी ताडून पाहिला, पुन्हा बुडवला. बाराही सारख्या दिसेपर्यंत तिने जेवणाचा डबा उघडला नाही.

संध्याकाळी प्रेक्षकांनी ‘बाहुल्या, बाहुल्या’ म्हणून हाकाटी केली. बाहुल्या अगदी थोडक्यात हरल्या. आता तक्रार येणार म्हणून साहेब धुलाईखान्यातच येऊन थांबले. आल्या त्या प्रशिक्षक बाई, घामाने भिजलेल्या बारा जर्सी घेऊन.

“उद्या तिसऱ्या क्रमांकासाठी खेळायचंय. याच रंगात ठेवा. मुलींना आवडलाय.”

बाई गेल्या. साहेबांनी घसा साफ केला. “यापुढे घरचं एक फडकं इथे दिसता कामा नये.”

“यापुढे म्हणजे, साहेब, सामने संपल्यावरही का?”

“आता काय लिहून देऊ?”

“दिलंत तर बरं होईल,” मावशी म्हणाली.