मेलेल्यांच्या रांगेतून काढून टाकलेला माणूस

माझा नवरा व्हिवियन दुबईच्या एका हॉटेलात बँक्वेट कॅप्टन आहे. कॅप्टन म्हणजे काय, तर दुसऱ्यांच्या लग्नात उभं राहायचं आणि कुणाच्या ग्लासातलं पाणी संपलं ते बघायचं. एकोणीस वर्षं हेच चाललंय. रविवारी चर्चमध्ये मिस्सा झाली की वसईकरांच्या घोळक्यात अशा बाता मारतो, जणू हॉटेल याच्याच खांद्यावर उभं आहे. घरी मात्र दीड वर्ष माझ्याशी कामापुरतं बोलतो. दूध आण, बिल भर, यल्ला, उशीर होतोय.

कारण मला ठाऊक आहे. दीड वर्षापूर्वी त्याची आई वसईला वारली. हॉटेलात लग्नांचा सीझन, मॅनेजर म्हणाला, जायचं तर जा, पण परत येऊ नकोस. तरी हा बॅग भरून दारात उभा. तेव्हा मीच म्हणाले, तू गेलास म्हणून ती परत येणार आहे का? त्याने बॅग ठेवली. मयत मोबाइलवर बघितली, तीही हॉटेलच्या पॅन्ट्रीत उभं राहून. मी व्यवहाराचंच बोलले होते. घरात कुणीतरी बोलायला हवंच ना!

तर अशा या माणसाला सिनेमात काम करायची हुक्की आली. शूटिंगला गर्दीची माणसं पुरवणारा आमचा एक गॅविन आहे. त्याने वसईकरांच्या ग्रुपवर टाकलं की स्पेनचे लोक दुबईतल्याच अल क्वोजच्या गोदामात पिक्चर करतायत, नवरा-बायको दोघंही चालतील. व्हिवियनने मला न विचारता दोघांची नावं देऊन टाकली.

गोष्ट ग्रीक पुराणातली. एका गवयाची बायको लग्नाच्याच दिवशी साप चावून मरते. हा पाताळात जाऊन गातो, तिथला राजा विरघळतो, म्हणतो, घेऊन जा तिला, पण वाटेत मागे वळून बघू नकोस. हा बघतो. झालं, बायको गेली. पुरुषाला एक काम सांगून बघा! आणि हीरो कसला, तर केस वाढवलेला हडकुळा पोरगा. आमच्या लग्नाच्या बँडमध्ये त्याला कुणी झांजसुद्धा धरू दिली नसती.

आम्ही पाताळातले मेलेले. चाळीस माणसं, राखाडी फडकी गुंडाळलेली, तोंडाला राख फासलेली. व्हिवियनने बिल्डिंगच्या वॉचमनपासून रोल्लाच्या टेलरपर्यंत सगळ्यांना सांगून ठेवलं होतं, पिक्चरमध्ये आहे म्हणून. मेलेला आहे, हे मात्र गाळलं.

गोदामात काळी रंगवलेली वाळू पसरली होती आणि मधोमध खड्डा. डायरेक्टर बाईंनी समजावलं, गॅविनने ते हिंदीत सांगितलं. नवरीला फळीवरून खड्ड्यात उतरवतील, तेव्हा तुम्ही दगडासारखं उभं राहायचं. मेलेल्यांना काही आठवत नाही, कुणाचं काही वाटत नाही. माझ्या नवऱ्याला हे काम अगदी सोपं जाईल, असं मला वाटलं.

फळी खाली गेली. आणि हा शहाणा रांगेतून बाहेर आला, वाकला, मूठभर वाळू उचलली, छातीवर क्रूस काढला आणि खड्ड्याच्या काठाशी जाऊन उभा राहिला. लाजेने मी डोळे मिटले. उघडले तर त्याच्यामागून अकरा वसईकर ओळीने येतायत, वाळू टाकतायत, क्रूस काढतायत! सिमेट्रीत पेटी खाली गेली की मूठमूठ माती टाकायची सवयच ती. पुढचा वाकला की मागचा वाकतोच. खाली नटीच्या नाकातोंडात वाळू गेली, ती सटासट शिंकायला लागली. ग्रीक पाताळात बारा क्रूस! बाई डोकं धरून खाली बसल्या.

बाकीच्यांना ठेवलं. व्हिवियनला गॅविन म्हणाला, "हबीबी, तू खलास." मग मीही तोंड धुतलं आणि त्याच्याबरोबर निघाले. लवकर येतोय म्हणून मुलीला फोन केला. कॅमिलाने सगळं ऐकलं आणि म्हणाली, "मम्मा, हाऊ डू यू गेट फायर्ड फ्रॉम बीइंग डेड?"

अजमानला घरी परतताना बसमध्ये मी तोंड सोडलं. एकोणीस वर्षं नुसतं उभं राहायचा पगार घेतोस, आणि दोन मिनिटं उभं राहता येत नाही? आता त्या टेलरला काय सांगणार? तो खिडकीबाहेर बघत होता. उजवी मूठ मांडीवर घट्ट मिटलेली. मी विचारलं, काय धरलंयस ते? त्याने मूठ उघडली. घामाने चिकटलेली काळी वाळू. सगळ्यांनी टाकली होती, यानेच टाकली नव्हती.

"आईची राहिली होती," तो म्हणाला. "काठावर जाऊन बघितलं तर आत ती पोरगी. मग टाकू कशी?"

त्याने माझ्याकडे बघितलं.

"तू म्हणालीस, ती परत येणार आहे का. मी कुठे तिला परत आणायला निघालो होतो, जोसेफिन? मी माती टाकायला निघालो होतो."

दीड वर्षात तो माझ्याशी एवढं बोलला नव्हता. मी पर्समधून टिश्यू काढून त्याच्यापुढे धरला.

"टाक ती यात. रंगवलेली वाळू तुझ्या आईला चालली नसती. या महिन्यात वसईला जाऊ. मॅनेजरशी मी बोलते."

त्याने टिश्यूकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि मूठ परत मिटून घेतली. अजमान येईपर्यंत ती उघडली नाही.