घोडीचं गंगावन
इकडं जवळ ये गं, किती दिसांनी आलीस आन् बसतीस लांब. ह्या सुबाभळीच्या वाळक्या शेंगा खुळखुळल्या की मला धाकट्या दिराचं लग्न आठवतं. उन्हाळ्यात दुसरं हिरवं न्हाई म्हणून सासऱ्यांनी घोडीला नुसती सुबाभूळ चारली, आन् त्या पाल्यानं ऐन लग्नात तिच्या शेपटीचे केस झडले. “बोडक्या घोडीवर मी बसत न्हाई,” दीर अडून बसला. सासूबाईंनी मला खोलीत नेऊन आपल्या अंबाड्यातलं गंगावन काढून दिलं, “कुणाला बोलशील तर बघ.” मी ते घोडीच्या शेपटीला बांधलं. नवरदेवाचा परण्या वाजतगाजत मांडवाशी आला, बँडला घोडी बिचकली आन् गंगावन नेमकं इहिणीच्या पायाशी पडलं. सासूबाईंनी डोक्यावरचा पदर गच्च धरला. इहीणबाई हळूच त्यांच्या कानाशी म्हणल्या, “कुठून घेतलं? माझं लई जुनं झालंय.” निघालीस व्हय? लवकर ये परत, मग वेणी घालून देते, तुझे केस तरी खरे हायेत.