मोदक कोणी केले

बायको अमेरिकेत, आमच्या अ‍ॅशबर्न गावात, शाळांचा कारभार बघणाऱ्या स्कूल बोर्डाच्या निवडणुकीला उभी राहिली, तेव्हा तिचा मुद्दा एकच होता: शाळेच्या बस वेळेवर आल्या पाहिजेत. आमच्या मराठी मंडळींचे मुद्दे मात्र बरेच निघाले. तिचा आवाज चढा लागतो. भाषणात ती फारच मऊ बोलते. साडीत काकूबाई वाटते, सूट घातला की परकी वाटते. मी हे सगळं इमानेइतबारे गोळा करून गाडीत तिला ऐकवायचो. मदत म्हणून. ती ड्राइव्ह करता करता विचारायची, "बसबद्दल कोणी काही विचारलं का?"

विचारलेलं नसायचं.

सगळ्यात मोठी शंका होती, हिच्या घराकडे कोण बघतं? त्यावर मी उपाय शोधला. इथल्या मराठी मंडळाच्या गणपतीला घरोघरून प्रसाद येतो. मी सकाळी उकडीचे मोदक केले, मला ते बऱ्यापैकी जमतात, आणि हॉलमध्ये ट्रे ठेवताना भेटेल त्याला सांगितलं की प्रचारातून वेळ काढून हिनेच केलेत. तिला हे सांगायचं राहून गेलं. खरं तर राहिलं नव्हतं. ती नको म्हणाली असती.

मोदकांचा फडशा पडला. मग आमच्यातल्या सगळ्यात ज्येष्ठ काकूंनी तिला जवळ बोलावलं. निम्मा हॉल त्यांच्या शब्दावर मत देतो. उमेदवार म्हणून हिला घरी चहाला बोलवायचं आणि शेजारपाजाऱ्यांना भेटवायचं की नाही, हे त्यांचं अजून ठरत नव्हतं.

"कळ्या सुरेख पडल्यात गं. उकडीत लोणी घातलंस का?"

बायकोने माझ्याकडे पाहिलं. मी कागदी प्लेटा नीट रचू लागलो.

"काकू, मला मोदक येत नाहीत. ह्याने केलेत. मी सकाळी बस ड्रायव्हरांना भेटायला गेले होते."

"म्हणजे सणाच्या दिवशी नवऱ्याला कामाला लावलंस," काकू म्हणाल्या. मग माझ्याकडे वळून, "आणि तू किती गुणी रे."

खोटं मी बोललो होतो. खरं ती बोलली होती. कौतुक दुपारभर माझंच चाललं, आणि लाज वाटत असूनही मी ते ऐकून घेतलं.

चहाचं आमंत्रण आलं, पण मोदक मी आणायचे या अटीवर. गाडीत ती म्हणाली, "आण. फक्त माझ्या वतीने काही बोलू नकोस."

काकूंच्या घरी कोणीतरी विचारलंच, मोदक कोणी केले. मी म्हणालो, मी. मग ही काय करते, असं एका काकांनी हसत विचारलं. तिलाच विचारा, म्हणालो आणि ट्रे घेऊन बाजूला झालो. ती उठून बोलायला लागली. मधेच काकूंनी हात वर केला.

"आमच्या नातीची बस रोज उशिरा येते. त्याचं काय करणार आहेस?"

बायकोचा चेहरा असा उजळला की मला भरून आलं.

निघताना जोडे घालत असताना ते काका माझ्या कानाशी लागले. बोलली छान, फक्त आवाज जरा चढा आहे. ते मात्र मी गाडीत सांगितलं नाही.