प्रकाश खाणारं नळकांडं

मुलांनो, तुमच्या आजोबांच्या धाकट्या भावाइतका हट्टी माणूस नागपुरात दुसरा झाला नाही, आणि त्या हट्टाबद्दल मी आजही कुणाची माफी मागणार नाही. बैठकीतल्या भिंतीवरचा तो अंधुक काळा-पांढरा फोटो पाहून मागच्या खेपेला तुम्ही विचारलंत, "आजी, हा डाग कसला?" तो डाग नाही. ती शिक्र्याची, म्हणजे छोट्या ससाण्यासारख्या शिकारी पक्ष्याची, तीन पिल्लं आहेत, आणि मधल्या पिल्लाचा डोळा नीट पाहिलात तर दिसतो. तो डोळा दिसावा म्हणून आमच्या घरात एक आख्खा आठवडा काय काय झालं, ते लिहिते.

भाऊजी पाटबंधारे खात्यात नकाशे काढत. लग्न केलं नाही. प्रताप नगरात आमच्याकडेच राहत. त्यांच्याजवळ एक जुना कॅमेरा आणि दोनशेची लेन्स होती. परदेशाहून आलेल्या एका मित्रानं त्यांना कन्व्हर्टर दिला, आणि घराची शांतता गेली. कन्व्हर्टर म्हणजे आत भिंगं असलेलं बोटभर लांबीचं नळकांडं. कॅमेरा आणि लेन्स यांच्यामध्ये ते बसवलं की दोनशेची लेन्स चारशेची होते, लांबची वस्तू दुप्पट मोठी दिसते. पण ते प्रकाश खातं. लेन्समधून येणाऱ्या उजेडाचा चौथा हिस्साच फिल्मपर्यंत पोचतो, आणि हात जरासा हलला तर ते हलणंही दुप्पट होतं. म्हणून भाऊजी गच्चीवर फोटो काढायला लागले की खाली हुकूम सुटे, "कोणी हलू नका गा!" मग सासूबाईंचं कुटणं थांबे, मी हातातली परात तशीच धरून उभी राही. एकदा तर पोस्टमन फाटकात पाय उचलून थांबला होता.

कॅमेरा ठेवायच्या तिपाईवर त्यांचा विश्वास नव्हता. "लोखंड थरथरते, वहिनी. डाळ थरथरत नाही." असं म्हणून त्यांनी माझी चार किलो तूरडाळ उशीच्या अभ्र्यात भरली, तोंड शिवून घेतलं, आणि गच्चीच्या कठड्यावर ती पिशवी ठेवून तिच्यावर कॅमेरा टेकवला. सासूबाई ओरडल्या, "मेल्या, आता वरण काय तुझ्या कॅमेऱ्याचं करू?" आठवडाभर आम्ही मुगाचं वरण खाल्लं.

समोरच्या मोकळ्या प्लॉटवर एक उंच कडुनिंब होता. त्यावर त्या वर्षी शिक्र्याच्या जोडीनं घरटं केलं. प्लॉट होता भाऊजींच्या फोटोग्राफी क्लबच्या अध्यक्षांच्या साडूंचा. अध्यक्ष म्हणजे पांढरे बूट घालणारे, मोजून बोलणारे गृहस्थ. त्यांना क्लबच्या प्रदर्शनासाठी पिल्लांचा फोटो हवा होता, आणि कन्व्हर्टर त्यांच्या मते लबाडी होती. झाडाला शिडी लावून जवळून काढलेला फोटो, तोच खरा. आदल्या वर्षी त्यांनी दुसऱ्या एका झाडाला अशीच शिडी लावली होती, तेव्हा पक्षी घरटं सोडून गेले आणि अंडी तशीच राहिली. भाऊजी ते विसरले नव्हते.

"शिडी नाही लागणार," झाड पाहायला आलेल्या अध्यक्षांना भाऊजी आमच्या फाटकातूनच म्हणाले.

"झाड आमचं आहे," अध्यक्ष म्हणाले.

"झाड तुमचं असंन. पिल्लं तुमची नाहीत."

अध्यक्ष हसले. "बरं. रविवारी सकाळपर्यंत तुमच्या त्या नळकांड्यातून असा फोटो काढा की मला पिल्लाचा डोळा दिसेल. दिसला तर शिडी परत नेतो."

आता भाऊजींचं शास्त्र ऐका. नळकांडं प्रकाश खातं, म्हणून प्रकाश भरपूर पाहिजे. आणि भरपूर प्रकाश म्हणजे मे महिन्यातली भर दुपार! सारं नागपूर दारं-खिडक्या लावून कूलरसमोर पडलेलं असताना हा माणूस डोक्याला दुपट्टा बांधून, खिशात कांदा ठेवून, तापलेल्या गच्चीवर तीन दिवस उभा राहिला. न्हाणीघराची खिडकी माझ्या घोंगडीनं झाकून त्यांनी रोल धुतला. फोटो पाहून मी म्हटलं, "भाऊजी, ही पिल्लं की साबुदाण्याचे वडे?"

"वहिनी, काहून जखमेवर मीठ चोळून राहिल्या?"

त्या नळकांड्याबरोबर इंग्रजीत एक छोटं पुस्तक आलं होतं. सूचना वाचणं भाऊजींना अपमान वाटे. शुक्रवारी मी ते पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं आणि वहीत मुद्दे काढले: लेन्सचं तोंड आणखी थोडं बारीक करावं, शटरला वेळ द्यावा, शटरचं बटण बोटानं दाबण्याऐवजी त्याला जोडलेल्या लांब तारेनं दाबावं. शेवटचा मुद्दा माझा होता. दुपारी गच्चीवरची हवा तव्यावरच्या हवेसारखी लहरते. तीच लहर फोटोत येते. फोटो सकाळी सातला काढायचा.

"उजेड कमी पडंन," ते म्हणाले.

"पडू दे. डाळ आहे ना?"

त्यांनी खिशातला कांदा काढून माझ्या हातावर ठेवला. मग म्हणाले, "सहाले उठवा मले."

शनिवारी सकाळी सासूबाईंनी जपाची माळसुद्धा हातात थांबवली. भाऊजींनी तार दाबली, आणि पिल्लं हलली. पुन्हा दाबली, पुन्हा हलली. रोल संपत आला तेव्हा वरून मादीची सावली गेली आणि तिन्ही पिल्लं एकदम थिजली. शेवटचा फोटो तो.

रविवारी अध्यक्ष दोन माणसं आणि शिडी घेऊन आले. सासूबाईंनी आधीच झाडाच्या बुंध्याशी खुर्ची टाकली होती. "फोटो पाहिल्याबिगर शिडी टेकवाची नाही," त्या म्हणाल्या. अध्यक्षांनी फोटो हातात घेऊन खिशातून भिंग काढलं. बराच वेळ पाहिलं.

"घरटं अंधुक आहे. कडा फुटल्या आहेत."

"डोळा?" भाऊजींनी विचारलं.

अध्यक्षांनी भिंग खिशात ठेवलं. "डोळा आहे," ते म्हणाले, आणि शिडी परत गेली. शब्दाचे पक्के होते, हे मान्य करायला हवं.

प्रदर्शनात मात्र तो फोटो घेतला नाही. प्रदर्शनाच्या दिवशी भाऊजींनी तो आमच्या फाटकाला टांगला. खाली ड्राफ्ट्समनच्या सुंदर अक्षरात पाटी: "शिक्रा, प्रताप नगर. कन्व्हर्टर लावून काढला आहे." दिवसभर येणारा-जाणारा थांबून पाही. संध्याकाळी पांढरे बूटही थांबले. महिन्याभरात तिन्ही पिल्लं उडाली.

आता भाऊजी नाहीत. कॅमेरा बिघडला, पण डाळीची पिशवी मी उसवली नाही. कीड लागू नये म्हणून दर मे महिन्यात ती गच्चीवर उन्हात घालते. यंदा घालत असताना समोरून शिक्र्याची ती ओळखीची तीक्ष्ण हाक आली. शेजारणीनं खालून विचारलं, "काकू, काय झालं वं?" मी पिशवीवर हात ठेवून श्वास रोखून उभी होते. कोणी हलायचं नव्हतं.