उलटं फिरलेलं जातं

कल्याणच्या बंदरातून होडी सुटली तेव्हा जादूचा कंदील (काचेवरची चित्रं पडद्यावर पाडणारी पेटी) मी तान्ह्या मुलासारखा मांडीवर धरला होता. नाखवा (होडीचा मालक) म्हणाला, "मास्तर, खाली ठेवा की! रडायचं नाही ते."

पेटीत काचांवर रंगवलेलं एक जुनं काव्य होतं, दळणाचं. आमची ही ते रोज पहाटे जात्यावर म्हणे. ती गेली आणि जातं मुकं झालं. मी काव्याची चित्रं काढली, शब्द एकही घेतला नाही. चित्रांनीच बोलावं, असं लोकांना ऐटीत सांगे. खरं म्हणजे ते गाणं दुसऱ्या गळ्यातून ऐकायची माझी छाती नव्हती.

ठाण्याच्या अलीकडे ओहोटीने होडी चिखलात रुतली. मदतीच्या उत्साहात मी खाली उतरलो. होडी सुटली, माझा एक जोडा मात्र खाडीने ठेवून घेतला. तशाच अवतारात खेळ दाखवायला आगरात (मिठाच्या वाफ्यांत) पोचलो. मिठाचे ढीग उन्हात डोळे दिपवत होते. भागीबाय नावाच्या म्हातारीने तांदळाची भाकरी आणि चिंचेचं सार वाढलं, माझ्या पायांकडे पाहिलं आणि विचारलं, "दुसरा उद्या येनार काय?"

दिवेलागणीला खोपटाच्या भिंतीवर धोतर ताणलं. पेरणी, कापणी, मळणी, एकेक काच धोतरावर उमटत गेली. मग माझी लाडकी काच आली. बाजूची मूठ फिरवली की चित्रातलं जातं फिरे. मी फिरवलं आणि बायकांत हशा पिकला.

"अवं मास्तर, उलटा दलताव! पिठाचं परत दानं करताव काय?"

काच मी पाठमोरी बसवली होती.

"सुलटा फिरवा," भागीबाय म्हणाली. "उलट्या जात्यावं आमी कशा गानार?"

म्हणजे या गाणार होत्या! काच तशीच ठेवली असती तर सुटलो असतो. हात बराच वेळ मुठीवर नुसता राहिला. शेवटी काच पालटली.

गाणं तेच होतं. शब्द थोडे वेगळे, चाल तीच. तिसऱ्या ओळीनंतर ही नेहमी थबकायची. दमली असेल, असं मला अंथरुणात पडल्या पडल्या वाटायचं. त्या सगळ्याही तिथेच थबकल्या. अंधुक उजेडात त्यांचे हात पुढे झाले आणि नसलेल्या जात्यात त्यांनी वैरण (मूठभर दाणे) टाकली. इतकी वर्षं जागा असून मी एकदाही उठून पाहिलं नव्हतं.

परतलो तो थेट घरच्या जात्यापाशी बसलो. कुणी पाहत नाही असं बघून ते आधी उलटं फिरवलं, थोडंसंच. काही परत आलं नाही. मग सुलटं फिरवलं, तीन ओळी मनात म्हटल्या, थांबलो, आणि रिकामी मूठ जात्याच्या तोंडाशी उघडली.