काकांची उत्तर दिशा

वगिमानकाका पाहुण्यांना सायकलवरून आमचं जोगजा शहर दाखवतात. टोळक्याच्या शेवटी मी असतो, पंक्चर काढायला.

परवा राजवाड्यामागे काका ओरडले, "आता उत्तरेला वळा!" काका वळले. पाहुणे दाही दिशांना पांगले. एक बाई तर वाळत घातलेल्या, नुकत्याच रंगवलेल्या बाटिक कापडांमध्ये शिरल्या आणि निळ्या होऊन बाहेर आल्या.

मी वैतागलो. "काका, डावीकडे म्हणा की! ह्यांना उत्तर कुठून कळणार?"

"एवढा थोरला ज्वालामुखी उत्तरेला धूर सोडत बसलाय, तो दिसत नाही?" काका माझ्यावरच खेकसले. हा माणूस घरीसुद्धा बायकोला म्हणतो, "पाठ खाजव गं, जरा दक्षिणेला."

शेवटी मी त्यांच्याकडून डावं-उजवं घोटून घेतलं. दुसऱ्या दिवशी त्याच वळणावर काका पाहुण्यांकडे तोंड करून उभे राहिले आणि रुबाबात म्हणाले, "डावीकडे!" पाहुणे शहाण्यासारखे आपल्या डावीकडे गेले. काका आपल्या डावीकडे गेले, एकटेच.

मी त्यांना गाठलं, तेव्हा ते धुमसत होते. "हे कसलं रे तुझं डावं? माणूस फिरला की तेही फिरतं! आमची उत्तर बघ, कधी जागची हलली का?"