ग्रीक लघुपट आणि बाबा

काल कपाट आवरताना बाबांचा मफलर सापडला. ते जाऊन नऊ वर्षं झाली, तरी त्याला बामचा वास होता.

नागपूरहून ते परदेशात, हॅमिल्टनला माझ्याकडे राहायला आले, तेव्हा त्यांना मी माझ्या युनिव्हर्सिटीत एक प्रायोगिक ग्रीक लघुपट बघायला नेलं होतं. पडद्यावर नवरा-बायको समोरासमोर बसून बोलत होते, पण आवाजच नव्हता.

“काय म्हणून राहिले रे हे?” बाबांनी मोठ्यांदा विचारलं. माझे सहकारी वळून बघू लागले.

“तुम्हाला नाही कळायचं, बाबा. गप्प बसा.”

खरं तर मलाही कळलं नव्हतं.

त्यानंतर घरी पाहुणे आले की बाबा आपणहून बेसमेंटमध्ये जाऊन बसत. मी त्यांना कधी वर बोलावलं नाही. ते मला सोयीचं होतं.